दोन्ही घरचा पाहुणा

लेखमाला : दोन देशांचा सिनेमा – लेखांक सहावा

इस्तंबूलच्या विमानतळावर विमान येऊन थांबलं आहे. सामानाचं दार उघडलेलं, त्याला सरकता पट्टा लावलेला आणि त्या पट्ट्यावरून एक शवपेटी खाली उतरते आहे. आत येतेर नावाची बाई आहे. जर्मनीतल्या ब्रेमेन शहरात तिचा जीव गेला आणि पुरण्यासाठी तिला मायदेशी आणलं आहे. चित्रपट पुढे जातो आणि बऱ्याच वेळानं तसंच दृश्य पुन्हा येतं. तसंच विमान, तसाच पट्टा. फक्त या खेपेला पेटी खालून वर, विमानाच्या पोटात चालली आहे. हिच्यात लोटे नावाची जर्मन मुलगी आहे. इस्तंबूलच्या रस्त्यावर तिला गोळी लागली. जर्मनीत तिची आई आहे.

'द एज ऑफ हेवन' हा फातिह अकिनचा २००७चा चित्रपट. जर्मनीत राबणारा तुर्की मजूर मेला की त्याचा देह गावी नेऊन पुरायचा, ही त्या समाजाची जुनी रीत. म्हणजे पेट्या नेहमी एकाच दिशेनं जायच्या. अकिननं दुसऱ्या दिशेनं निघालेली पेटी दाखवली. दोन देशांतल्या येण्याजाण्याबद्दल त्यानं जे काही केलं आहे, त्याचं मर्म मला या दोन दृश्यांत सापडतं.

मागच्या लेखांकात आपण यिलमाझ ग्युनेची गोष्ट पाहिली. तुरुंगातून सूचना पाठवून चित्रपट करवून घेणारा, १९८१ साली निसटून युरोपात गेलेला आणि १९८४ साली पॅरिसमध्ये वारलेला दिग्दर्शक. ग्युनेसाठी दुसरा देश म्हणजे परागंदा होणं. अकिनचं तसं नाही. तो जन्मलाच दुसऱ्या देशात.

तो देश त्याच्या आईवडिलांच्या वाट्याला कसा आला, हे आधी समजून घेऊ. ३० ऑक्टोबर १९६१ रोजी पश्चिम जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्यात मजूर भरतीचा करार झाला. युद्धानंतर जर्मन कारखाने जोरात चालले होते, हात कमी पडत होते. सुरुवातीला हिशेब असा की माणसं येतील, दोन वर्षं काम करतील आणि परत जातील. 'पाहुणे कामगार' हेच त्यांचं नाव पडलं. पण शिकवून तयार केलेला माणूस दोन वर्षांनी घालवायचा आणि नव्याला पुन्हा पहिल्यापासून शिकवायचं, हे कारखानदारांना परवडेना. दोन वर्षांची अट १९६४ सालीच गेली. मग तेलाचं संकट आलं आणि नोव्हेंबर १९७३मध्ये जर्मनीनं भरती थांबवली. त्याचा परिणाम सरकारच्या अपेक्षेच्या नेमका उलटा झाला. एकदा गेलो तर पुन्हा येता येणार नाही, हे कळल्यावर लोक जाईनातच, उलट त्यांनी बायकामुलांना बोलावून घेतलं. १९८३ साली जर्मन सरकारनं परत जाणाऱ्या बेकार कामगारांना १०,५०० मार्क देऊ केले, तरी बहुसंख्य तिथेच राहिले.

फातिह अकिन २५ ऑगस्ट १९७३ रोजी हॅम्बुर्गमध्ये जन्मला, भरती थांबण्याच्या तीन महिने आधी. वाढला आल्टोना भागात, जिथे तुर्की, ग्रीक, सर्बियन मुलं एकाच शाळेत जात आणि एकाच गल्लीत मारामाऱ्या करत. २००१ साली त्यानं आईवडिलांवर आणि तुर्कस्तानातल्या नातलगांवर एक माहितीपट केला. त्याचं नाव 'आम्ही परत जायचं विसरलो'. एका अख्ख्या पिढीची हकिगत त्या नावात मावली आहे.

या पिढीवर अकिनच्या आधी चित्रपट झाले नव्हते असं नाही. तेवफिक बाशेरनं १९८६ साली हॅम्बुर्गमध्येच 'फॉर्टी स्क्वेअर मीटर्स ऑफ जर्मनी' केला. नवऱ्यानं घरात कोंडून ठेवलेली तुर्की बायको आणि तिच्या वाट्याला आलेली चाळीस चौरस मीटरची जर्मनी. फार प्रामाणिक आणि गुदमरवून टाकणारा चित्रपट. पण पुढे जर्मन टीव्हीवर आणि पडद्यावर तुर्की माणूस म्हटलं की एवढंच उरलं: कोंडलेली बाई, मारकुटा बाप, गुंड पोरगा. तरुण अकिन नट म्हणून उमेदवारी करत होता आणि त्याच्याकडे गुंड पोरग्याच्याच भूमिका येत. त्या करून तो विटला आणि स्वतः लिहायला बसला. हॅम्बुर्गच्या कलामहाविद्यालयात शिकता शिकता त्यानं दोन लघुपट केले आणि १९९८ साली पंचविसाव्या वर्षी पहिला मोठा चित्रपट, 'शॉर्ट शार्प शॉक'.

त्यातही गुंड पोरगे आहेतच. एक तुर्की, एक ग्रीक, एक सर्ब. फरक एवढाच की ते कोणत्याही सामाजिक समस्येचे नमुने म्हणून समोर येत नाहीत. ते मित्र आहेत आणि कथा त्यांच्या मैत्रीची आहे. ग्रीक मित्राच्या भूमिकेत अकिनचा शाळासोबती अ‍ॅडम बुस्दुकोस, नायकाच्या वडिलांच्या भूमिकेत अकिनचे स्वतःचे वडील. लोकार्नो महोत्सवात तिन्ही नटांना मिळून पारितोषिक मिळालं. त्यानंतरचा 'इन जुलै' (२०००) हा हॅम्बुर्ग ते इस्तंबूल असा हलकाफुलका प्रवासपट. त्यात एक तरुण मेलेल्या चुलत्याला गाडीच्या डिकीत घालून मायदेशी निघाला आहे. प्रेताचा प्रवास इथेच सुरू झालेला आहे, फक्त अजून तो हसण्यावारी नेलेला आहे.

आता 'हेड-ऑन' (२००४), जिथे जरा थांबायला हवं.

जाहित हा चाळिशीचा, दारूत बुडालेला माणूस. हॅम्बुर्गच्या एका सांस्कृतिक केंद्रात रिकाम्या बाटल्या गोळा करण्याचं काम करतो. एका रात्री तो गाडी सरळ भिंतीवर घालतो. मनोरुग्णालयात त्याला सिबेल भेटते. तिनंही जीव द्यायचा प्रयत्न केलेला आहे. ती त्याला जवळजवळ लगेचच विचारते की माझ्याशी लग्न करशील का. त्याच्यावर जीव जडला आहे वगैरे काही नाही. नवरा तुर्की असला की घरचे सोडतील आणि मग आपल्याला हवं तसं जगता येईल, एवढाच तिचा हिशेब. मागणी घालायला गेलेल्या जाहितचं मोडकं तुर्की ऐकून सिबेलचा भाऊ विचारतो, तुझ्या तुर्कीचं काय झालं? तो सांगतो, टाकून दिलं.

चित्रपटाच्या उत्तरार्धात हाच जाहित सिबेलला शोधत इस्तंबूलला येतो. तिथला टॅक्सीवाला म्युनिकमध्ये वाढलेला आणि जर्मनीनं हाकललेला निघतो. दोघं मजेत जर्मनमध्ये बोलतात. मग हॉटेलात सिबेलच्या नात्यातल्या बहिणीसमोर मन मोकळं करायची वेळ येते, तेव्हा त्याचं तुर्की पुरं पडत नाही. आयुष्यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट तो इंग्रजीत सांगतो, जी दोघांचीही भाषा नाही. दोन देशांत वाढलेल्या माणसाची खरी अडचण इतक्या साध्या रीतीनं दुसऱ्या कुणी दाखवल्याचं मला आठवत नाही. अस्मितेवर एकही भाषण नाही. माणूस फक्त शब्द शोधतो आणि ते त्याला तिसऱ्याच्या घरी सापडतात.

या सगळ्या रक्तबंबाळ कथेला मधे मधे छेद जातो तो गाण्याचा. इस्तंबूलच्या गोल्डन हॉर्न खाडीच्या काठावर गालिचे अंथरलेले, मागे सुलेमानिये मशीद, काळ्या सुटातले वादक ओळीनं बसलेले आणि मधे लाल झग्यातली गायिका. क्लॅरिनेटवर सेलिम सेसलर, गाणारी इदिल युनेर. त्यांचा कथेशी संबंध नाही. ते फक्त प्रत्येक अंकाच्या आधी येऊन जुनं विरहगीत म्हणतात आणि अखेरीस उठून प्रेक्षकांना वाकून नमस्कार करतात. हॅम्बुर्गचं पंक संगीत आणि हे बैठकीचं गाणं एकाच चित्रपटात नांदतं आणि जोड कुठे दिसत नाही.

फेब्रुवारी २००४मध्ये बर्लिन महोत्सवात 'हेड-ऑन'ला सुवर्ण अस्वल मिळालं. जर्मन चित्रपटाला हा मान अठरा वर्षांनी मिळत होता. जर्मन वृत्तपत्रांनी जर्मन सिनेमाचं पुनरागमन म्हणून मथळे दिले, तुर्की वृत्तपत्रांनी तुर्की पोरानं बर्लिन जिंकलं म्हणून. त्याच आठवड्यात एका जर्मन पत्रानं नायिका सिबेल केकिलीनं पूर्वी प्रौढांच्या चित्रपटांत काम केलं होतं, हे पहिल्या पानावर झळकवलं. यशात वाटेकरी व्हायला दोन देश होते, त्या मुलीवर चिखल उडाला तेव्हा ती बरीचशी एकटी होती. केकिली पुढे उत्तम अभिनेत्री म्हणून उभी राहिली, याचं श्रेय तिचं तिलाच.

दोन्ही घरचा पाहुणा उपाशी, असं आपण म्हणतो. दोन देशांत काम करणाऱ्या अनेक दिग्दर्शकांचं तेच होतं. एकीकडचा निर्माता म्हणतो, हा विषय तिकडचा आहे. तिकडचा म्हणतो, तू आमचा नाहीस. अकिन उपाशी राहिला नाही, कारण त्यानं चूलच स्वतंत्र मांडली. २००४ साली आंद्रेआस टील आणि क्लाउस मेक यांच्यासोबत त्यानं हॅम्बुर्गमध्ये कोराझोन इंटरनॅशनल ही निर्मितीसंस्था काढली. ती बंद केल्यावर २०१२पासून बोम्बेरो इंटरनॅशनल.

स्वतःची संस्था असण्यानं नेमकं काय साधतं? युरोपात स्वतंत्र चित्रपटाचा पैसा एका खिशातून येत नाही. थोडा एखाद्या सार्वजनिक दूरचित्रवाणी वाहिनीकडून, थोडा प्रांताच्या चित्रपट निधीतून, थोडा राष्ट्रीय निधीतून. प्रांतिक निधीची अट असते की दिलेला पैसा आमच्या प्रांतात खर्च व्हावा. कथा कोणत्या शहरात घडते, यामागे पुष्कळदा हेही कारण असतं. दोन देशांतल्या संस्था एकत्र आल्या की आणखी दारं उघडतात. युरोप परिषदेचा युरिमाज हा निधी एकाहून अधिक सदस्य देशांनी मिळून केलेल्या चित्रपटांसाठीच आहे आणि तुर्कस्तान त्यात १९९०पासून आहे. हे सगळे तुकडे जोडताना पटकथेवर शेवटचा शब्द कुणाचा, हा प्रश्न येतोच. निर्माता दुसरा असेल तर दिग्दर्शकाला कथेतली धारदार टोकं बोथट करावी लागतात. अकिन स्वतःच निर्मात्याच्या खुर्चीत बसला, म्हणून ती टोकं शाबूत राहिली. त्याच्या प्रतिभेइतकंच मी या गोष्टीला महत्त्व देतो.

'द एज ऑफ हेवन' कोराझोननं इस्तंबूलच्या अंका फिल्मसोबत केला. चित्रीकरण संपत आलेलं असताना टील गेला. अकिनचा भागीदार, मित्र आणि कठोर वाचक. चित्रपटाचे तीन भाग आहेत आणि पहिल्या दोन भागांच्या नावांतच कोण मरणार ते लिहिलेलं आहे. त्यामुळे पाहणाऱ्याला उत्सुकता उरते ती वेगळीच: हे घडल्यावर मागे राहिलेले काय करतील? नेजात हा हॅम्बुर्गच्या विद्यापीठात जर्मन साहित्य शिकवणारा तुर्की प्राध्यापक. बापाच्या हातून येतेरचा जीव गेल्यावर तो तिच्या मुलीच्या शोधात इस्तंबूलला जातो आणि तिथे जर्मन पुस्तकांचं दुकान विकत घेऊन बसतो. ती मुलगी, आयतेन, राजकीय कार्यकर्ती. ती जर्मनीत पळून गेलेली. दोघं एकमेकांच्या शेजारून निघून जातात, प्रेक्षकाला दिसतं, त्यांना कळत नाही.

पात्रनिवडीत अकिननं जे केलं ते पाहण्यासारखं आहे. बापाच्या भूमिकेत तुंजेल कुर्तिझ, ग्युनेचा जुना साथीदार, ज्यानं स्वतःही बरीच वर्षं देशाबाहेर काढली. लोटेच्या आईच्या भूमिकेत हाना शिगुला, जर्मन दिग्दर्शक फासबिंडरच्या चित्रपटांची ओळख असलेली अभिनेत्री. तुर्की आणि जर्मन सिनेमाचे दोन थोर वारसे अकिननं शब्दही न बोलता एका पडद्यावर आणले. मुलगी गमावलेली ही आई इस्तंबूलला येते, मुलीनं भाड्यानं घेतलेल्या खोलीत राहते आणि जिच्यामुळे मुलगी गेली त्या आयतेनला तुरुंगात भेटून मदत देऊ करते. शिगुला या भागात फार थोडं बोलते. हॉटेलच्या खोलीत एकटीनं केलेला तिचा आक्रोश मात्र पाहणाऱ्याला हलवून सोडतो. कान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट पटकथेचं पारितोषिक मिळालं. माझ्या मते अकिनचा हाच सर्वांत मोठा चित्रपट.

याचा शेवट त्यानं काळ्या समुद्राकाठी, आजोबांच्या चामबुर्नू गावात चित्रित केला. तिथे त्याला कळलं की चहाच्या मळ्यांच्या वरच्या अंगाला, जुन्या तांब्याच्या खाणीच्या जागी, सरकार कचराडेपो उभारतं आहे. गावकऱ्यांचा विरोध आणि डेपोची दुर्गंधी हे सगळं तो पाच वर्षं नोंदवत राहिला. तो हॅम्बुर्गला असताना गावातलाच एक छायाचित्रकार कॅमेरा सांभाळायचा. 'पोल्यूटिंग पॅराडाइज' हा माहितीपट २०१२ साली आला. इस्तंबूलच्या संगीतावरचा 'क्रॉसिंग द ब्रिज' (२००५) याच जातकुळीचा. त्यात रॅप आहे, रॉक आहे आणि हमामखान्याच्या घुमणाऱ्या भिंतींमध्ये कुर्दी गाणं म्हणणारी आयनूर आहे. एकेकाळी कुर्दी भाषेवरच बंदी होती, हे तिचं गाणं ऐकताना विसरता येत नाही.

इथवर दोन्ही देशांचं त्याच्यावर प्रेम होतं. मग त्यानं दोघांनाही नको असलेले प्रश्न काढले.

आधी तुर्कस्तानचा. आर्मेनियन वंशाचे संपादक ह्रांत दिंक यांना १९ जानेवारी २००७ रोजी इस्तंबूलमध्ये त्यांच्याच 'आगोस' साप्ताहिकाच्या दारात गोळ्या घातल्या गेल्या. १९१५च्या आर्मेनियन संहाराबद्दल मोकळेपणानं बोलणं हा त्यांचा गुन्हा. 'तुर्कपणाचा अपमान' केला म्हणून न्यायालयानं त्यांना आधी शिक्षाही सुनावली होती. अकिनला दिंक यांच्यावर चित्रपट करायचा होता. ती भूमिका करायची जोखीम घेणारा तुर्की नट मिळाला नाही, असं त्यानं स्वतः सांगितलं आहे. मग तो थेट १९१५लाच भिडला. 'द कट' (२०१४) मध्ये मार्दिनचा एक आर्मेनियन लोहार गळ्यावर सुरी फिरूनही वाचतो. आवाज मात्र जातो. हरवलेल्या जुळ्या मुलींच्या शोधात तो अलेप्पो, क्यूबा आणि पुढे अमेरिकेच्या उत्तर डाकोटापर्यंत मुका फिरतो. पटकथेत सोबत होता 'रेजिंग बुल'चा एक लेखक, आर्मेनियन वंशाचा मार्डिक मार्टिन. 'आगोस'मध्ये अकिनची मुलाखत छापून आल्यावर तुर्की अतिराष्ट्रवाद्यांनी त्याला उघड धमक्या दिल्या.

चित्रपट म्हणून 'द कट' फसला आहे, हे मान्य करायला हवं. आर्मेनियन पात्रं इंग्रजी बोलतात आणि तिथेच पहिली माती होते. वाळवंट, बोट, रेल्वे असे मुक्काम मोजत कथा चालते आणि भावना मागे पडते. तरीही तुर्की आईबापांच्या पोटी जन्मलेल्या माणसानं हा चित्रपट केला आणि तो डिसेंबर २०१४मध्ये तुर्कस्तानातल्या चित्रपटगृहांत लागला, हे घडलं. ज्या देशात त्या संहाराला संहार म्हणण्यावरून खटले झाले, तिथे हे घडणं साधं नव्हतं.

मग जर्मनीचा प्रश्न. २००० ते २००७ या काळात एका नवनाझी टोळीनं जर्मनीत दहा जणांना ठार केलं. आठ तुर्की वंशाचे, एक ग्रीक, एक जर्मन महिला पोलीस. २००४ साली कोलोनच्या तुर्की वस्तीत त्यांनी खिळ्यांचा बॉम्ब फोडला. या सगळ्या काळात पोलीस मृतांच्या घरच्यांनाच विचारत राहिले: अमली पदार्थांचा धंदा होता का? कुणाशी वैर होतं का? वृत्तपत्रांनी या हत्यांना एका तुर्की खाद्यपदार्थाचं नाव देऊन टाकलं. नोव्हेंबर २०११मध्ये टोळी अपघातानंच उघडकीला आली. मारल्या गेलेल्यांत एक हॅम्बुर्गचा भाजीवाला होता. त्याचं दुकान आल्टोना जिल्ह्यात, अकिनच्याच भागात.

'इन द फेड' (२०१७) या घटनांवर बेतलेला आहे, पण अकिननं केंद्रस्थानी ठेवली ती सोनेरी केसांची जर्मन बाई. कुर्दी नवरा आणि लहान मुलगा बॉम्बमध्ये गेलेली कात्या. डायन क्रूगरला या भूमिकेसाठी कानमध्ये अभिनयाचं पारितोषिक मिळालं, चित्रपटाला पुढे गोल्डन ग्लोब. तुर्की विधवा का नाही, असा आक्षेप तेव्हा घेतला गेला. मला ही निवड पटते. पोलीस कात्याला विचारतात, नवरा धार्मिक होता का, राजकारणात होता का? हे प्रश्न एका जर्मन बाईला विचारले जातात तेव्हा जर्मन प्रेक्षकाला ते आपल्याला विचारल्यासारखे बोचतात. न्यायालयाचा मधला भाग तर अंगावर येतो. मुलाच्या देहाचं काय झालं, हे तज्ज्ञ बाई कागदावरून एकेक जखम मोजत वाचते आणि कात्याला समोर बसून ते ऐकावं लागतं. पटकथेत अकिनला साथ होती हार्क बोमची. बोम मुळात कायदा शिकलेला, त्यामुळे खटल्याचा प्रत्येक धागा तपासून विणलेला आहे.

या दोन चित्रपटांमुळे अकिनबद्दल एक सवयीचं वाक्य मला खटकू लागलं. तो दोन संस्कृतींमधला पूल आहे, असं त्याच्याबद्दल नेहमी लिहिलं जातं. पुलाला स्वतःचं मत नसतं, त्यावरून कुणीही जावं. अकिननं तुर्कस्तानला १९१५बद्दल विचारलं आणि जर्मनीला नवनाझींबद्दल. दोन्हीकडे घरातला माणूस म्हणून विचारलं, त्यामुळे 'बाहेरच्यानं बोलू नये' हे नेहमीचं उत्तर कुणालाच देता आलं नाही.

बाकीचे चित्रपट थोडक्यात. 'सोल किचन' (२००९) हा हॅम्बुर्गच्या एका खानावळीवरचा खुशमिजास विनोदपट, त्याला व्हेनिसमध्ये ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं. बुस्दुकोसनं खरोखरच अशी खानावळ चालवली होती. 'द गोल्डन ग्लव्ह' (२०१९) ही सत्तरच्या दशकातल्या हॅम्बुर्गच्या एका खुन्याची कथा. मला ती सोसली नाही. 'राइनगोल्ड' (२०२२) इराणी कुर्दी कुटुंबातल्या रॅपरवरचा, आणि तो जर्मनीत धो धो चालला.

२०२५ साली कानमध्ये दाखवलेला 'आमरुम' मात्र वेगळ्या वळणाचा. उत्तर समुद्रातलं आमरुम बेट, युद्धाचे शेवटचे दिवस, नाझी आईचा बारा वर्षांचा मुलगा. ही हार्क बोमच्या स्वतःच्या बालपणाची कथा. बोमला ती स्वतः दिग्दर्शित करायची होती, वयामुळे जमेना, म्हणून त्यानं ती अकिनकडे सोपवली. याच बोमनं १९८८ साली 'यासेमिन' हा हॅम्बुर्गमधल्या तुर्की मुलीवरचा चित्रपट केला होता. तेव्हा एका जर्मन दिग्दर्शकानं तुर्की घराची गोष्ट सांगितली होती. आता तुर्की मजुराचा मुलगा नाझी घराची गोष्ट सांगतो आणि श्रेयनामावलीत आधी बोमचं नाव लावतो.

पुढच्या आठवड्यात इस्तंबूलहून तरुणपणी रोमला गेलेला आणि इटालियन सिनेमातच रुजलेला फेरझान ओझपेतेक. त्याच्या १९९७च्या 'हमाम'पासून सुरुवात करू.